चातुर्मासातला फुटबॉल

आमचा फुटबॉलचा सीझन पंचांगावर ठरायचा. देवशयनी एकादशी झाली की पुण्यातली मंगल कार्यालयं ओस पडत आणि तुळशीची लग्नं लागेपर्यंत तिकडे कोणी फिरकत नसे. मधले ते महिने आमचे. ज्या वर्षी अधिक महिना नेमका चातुर्मासात यायचा, त्या वर्षी आम्ही खेळाडू खूश असायचो, कारण सीझन महिनाभर लांबायचा. नवीन पंचांग घरात आलं की वडिलांच्या आधी मीच ते चाळायचो. मुलाला धर्माची ओढ लागली, असं आईला काही दिवस वाटलंही होतं.

मी व्यावसायिक फुटबॉलपटू होतो, हे वाक्य लिहिताना मला अजूनही अवघडल्यासारखं होतं. पण ते खरं आहे. सीझनभर मला खेळण्याचा पगार मिळायचा. बनियनवर छापलेलं नाव ज्या टीव्ही-फ्रीजच्या दुकानाचं होतं, तेच दुकान तो द्यायचं. लग्नसराईत मी त्याच दुकानात काउंटरवर उभा राहून रंगीत टीव्ही विकायचो.

ही सगळी कल्पना आमच्या केबलवाल्याची. कोथरूडमध्ये तेव्हा घरोघरी केबल नव्यानंच पोचली होती. त्याच्याकडे स्वतःचं एक चॅनेल होतं आणि त्यावर दाखवायला सिनेमे सोडून काही नव्हतं. पावसाळ्यात मैदानांचा चिखल व्हायचा. परदेशी चॅनेलवर त्यानं भिंती असलेल्या हॉलमधला फुटबॉल पाहिला आणि ओळखीच्या एका मंगल कार्यालयाच्या व्यवस्थापकाला गाठलं. हॉल रिकामाच पडून होता. प्रत्येक बाजूला पाच खेळाडू. भिंतीवर आपटून परत येणारा चेंडू चालू समजायचा. वरपक्षासाठी ठेवलेल्या गाद्या खांबांना सुतळीनं बांधायच्या. झुंबरांना जाळी. संस्थापकांच्या तसबिरीलाही जाळी, कारण पहिल्याच आठवड्यात त्यांचा हार खाली आला होता. एक गोल दाराकडे आणि दुसरा स्टेजसमोर, जिथं उन्हाळाभर नवरानवरी उभी राहत. कॅमेरा बाल्कनीत.

लोक खरोखर बघायचे. भाजी घेताना बायका माझ्याकडे निरखून पाहायच्या. एकदा एका रिक्षावाल्यानं अख्ख्या पौड रोडवर मला माझी चूक समजावून सांगितली होती.

वडील बघायचे नाहीत. ते शाळेत संस्कृत शिकवायचे. निवृत्त झाल्यावर कसब्यातली खोली सोडून आम्ही कोथरूडच्या सोसायटीत आलो होतो. मुलगा काय करतो, असं कुणी विचारलं की ते म्हणायचे, "लोक मंगल कार्यालयात एकदा जातात आणि जन्मभर अडकतात. आमचे चिरंजीव रोज जातात आणि मोकळेच परत येतात." त्यांच्या बोलण्यात राग नसे. आपल्या हातात काही उरलेलं नाही हे ओळखलेल्या माणसाचा तो कोरडेपणा होता. मला त्याचा जास्त त्रास व्हायचा.

आमचा गोलकीपर वर्ध्याकडचा. हडपसरला एका कारखान्यात टेम्पररी म्हणून आला, तिथल्या मैदानावर केबलवाल्यानं त्याला पाहिलं आणि उचललं. पाळी चुकते म्हणून पुढे कारखाना सुटला. मग व्यवस्थापकांनी त्याला वेगळीच सोय करून दिली. लग्नसराईत तो त्याच कार्यालयात वाढपी म्हणून काम करायचा आणि चातुर्मासात गोलकीपर. राहायलाही तिथंच, भांड्यांच्या कोठीमागच्या खोलीत. वर्षाचे आठ महिने त्याच हॉलमध्ये तो जिलबीचं ताट घेऊन वाकत चालायचा आणि चार महिने लोक त्याला बघायला टीव्ही लावायचे. वाढताना कुणी त्याला ओळखलं की तो लाजून पुढच्या पानाकडे सरकायचा. ओळखणारे फारसे नसायचेच. वाढप्याच्या चेहऱ्याकडे कोण बघतं?

त्याची खासियत एकच होती. समोरचा खेळाडू चेंडू घेऊन सुटला की तो गोलमध्ये थांबायचाच नाही. दोन्ही गुडघे जमिनीवर टाकून फरशीवरून सरकत थेट त्याच्या पायात जायचा. गुळगुळीत फरशीवर तो इतक्या वेगानं यायचा की मारणाऱ्याला पाय उचलायलाही वेळ मिळायचा नाही. बाल्कनीतला कॅमेरावाला म्हणायचा, हा सुटला की मला कॅमेरा वळवता येत नाही.

या सरकण्याला एकच शत्रू होता, अक्षता. लग्नसराई संपून महिना झाला तरी कोपऱ्यांतून, खांबांच्या बुडातून, स्टेजच्या पायरीखालून कुंकू लावलेले तांदूळ निघत राहायचे. फरशीवर पडलेल्या तांदळाच्या दाण्यावर पाय पडला की काय होतं हे ज्यानं अनुभवलंय त्यालाच कळेल. पाय जातो आणि पाठोपाठ आपण. गुडघ्याखाली आला तर कातडी सोलून निघते. सामन्यानंतर आमच्या गुडघ्यांवर लाल डाग असायचे, त्यातलं कुंकू किती आणि रक्त किती हे धुतल्यावर कळायचं. म्हणून प्रत्येक सामन्याआधी हॉल झाडायचा नियम होता आणि ते काम गोलकीपरनं स्वतःकडे घेतलं होतं. आधी केरसुणी, मग ओलं फडकं, मग अनवाणी चालून तळव्यानं तपासणी. त्याला आम्ही हसायचो. तो म्हणायचा, "हसा तुम्ही. गुडघे माये हायेत."

ज्या वर्षाबद्दल मला सांगायचं आहे, त्या वर्षी सीझन सुरू होतानाच एक बातमी आली होती. संगणकाचे वर्ग चालवणारी एक मोठी संस्था कोथरूडमध्ये नवी इमारत बांधत होती आणि वरच्या मजल्यावर बॅडमिंटनचा हॉल होता. त्यांना स्वतःची टीम हवी होती. खेळाडूंना नोकरीत घ्यायचं आणि खेळ वर्षभर चालू ठेवायचा. त्यांचे साहेब उपान्त्य सामना बघायला येणार आणि दोन-तीन जणांना निवडणार, असं केबलवाल्यानं सांगितलं.

मला त्याचा आनंद झाला, पण गोलकीपरला झाला तो वेगळाच. त्यानं गावी फोन करून सांगूनच टाकलं. मला म्हणाला, "भाऊ, आता बारमाही होऊन जातो मी." बारमाही हा शब्द तो विहिरीबद्दल वापरतात तसा वापरत होता. हंगामी पाणी आणि बारमाही पाणी यातला फरक त्याच्या गावात काय असतो, ते मला शहरातल्या माणसाला काय कळणार. पण त्यानं तो शब्द किती जपून उच्चारला, ते मात्र मला कळलं.

त्याच सुमारास माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न ठरलं. मुलगा सॉफ्टवेअरमध्ये, अमेरिकेत. घर हडपसरला. माणसं साधी आणि चांगली. अडचण एवढीच की मुलाला रजा मिळाली ती श्रावणात. दिवाळीनंतर येणं जमणार नव्हतं आणि व्हिसाची कामं लग्नाशिवाय अडलेली. वडिलांनी सुरुवातीला साफ नकार दिला. चातुर्मासात लग्न ही गोष्ट त्यांच्या घराण्यात कुणी ऐकलेली नव्हती. मग मुलाकडचे गुरुजी घरी आले. आपत्कालीन मुहूर्त शास्त्रात आहेत, हल्ली परदेशातल्या मुलांसाठी ते काढावेच लागतात, असं त्यांनी शांतपणे समजावलं. वडिलांनी ग्रंथ काढले, वाद घातला आणि हरले. गुरुजी गेल्यावर ते म्हणाले, "पूर, दुष्काळ, परचक्र. आणि आता अमेरिकेतली रजा. आपत्काळ म्हणे." बहीण आतल्या खोलीत ऐकत होती. ती हसली की रडली ते मला कळलं नाही, पण दुसऱ्या दिवशी वडिलांनी स्वतःहून पत्रिकेचा मजकूर लिहायला घेतला.

मुहूर्त होता, हॉल नव्हता. सगळी कार्यालयं त्या दिवसांत रंगकामाला काढलेली असत. कुठं परांची बांधलेली, कुठं फरशी उखडलेली, आचारी गावाला गेलेले. मी आणि वडील स्कूटरवरून कर्वे रोड, सदाशिव पेठ, सिंहगड रोड फिरलो. श्रावणात हॉल विचारायला आलेल्या माणसांकडे व्यवस्थापक मंडळी ज्या नजरेनं बघत ती वडिलांना सहन होत नव्हती. एकानं तर विचारलं, "सत्यनारायण आहे का, की मागच्या लग्नात काही विसरलंय?" पुण्यात श्रावणात दिवे चालू असलेलं, झाडलेलं, तयार असलेलं एकच कार्यालय होतं, आणि ते फुटबॉलमुळे तयार होतं.

वडिलांनी ते घरी येईपर्यंत उच्चारलं नाही. जेवताना म्हणाले, "तुझं त्या तुमच्या कार्यालयात वजन आहे म्हणतात."

मी म्हणालो, त्या दिवशी संध्याकाळी उपान्त्य सामना आहे.

"चेंडू काय, पुढच्या आठवड्यातही गोलच असेल," ते म्हणाले. मग ताटाकडे बघत, अगदी वेगळ्या आवाजात, "विचारून बघ. नाही म्हणाले तर नाही."

माझ्या वडिलांनी माझ्याकडे काही मागण्याची ती पहिली वेळ होती.

मी कार्यालयात गेलो तेव्हा व्यवस्थापक ऑफिसात नव्हते, हॉलमध्ये होते. गोलकीपर खांबाची गादी सुतळीनं शिवत होता. त्याच्यासमोर बोलायला मला जड जात होतं. मी व्यवस्थापकांना बाजूला घ्यायला बघत होतो, पण ते म्हणाले, इथंच बोला, घरचीच माणसं आहेत सगळी. मी सांगितलं. गोलकीपरनं दाभण गादीत तसाच ठेवला.

"बहिनीचं लगन हाये ना, भाऊ? मंग पुसून काय राह्यले?"

केबलवाला सामना पुढे ढकलायला तयार नव्हता, जाहिराती घेतल्या होत्या आणि संस्थेचे साहेबही त्याच दिवशी येणार होते. शेवटी व्यवस्थापकांनी तोडगा काढला. मुहूर्त दुपारचा आहे, पंगती उरकून चारपर्यंत हॉल रिकामा करा, मग झाडूनपुसून सहाला सामना. कागदावर हे अगदी सोपं दिसत होतं. मी कृतज्ञतेनं त्यांच्या पाया पडलो. ते म्हणाले, "उठा, उठा. अजून लग्न लागायचंय."

लग्नाच्या दिवशी वाढपी कमी पडत होते, म्हणून गोलकीपरही पांढरा सदरा घालून कामाला होता. संध्याकाळी सामना असताना त्यानं दिवसभर राबू नये असं मला वाटत होतं. मी त्याला तसं सांगितलंही. तो म्हणाला, घरचं कार्य हाये.

मंगलाष्टकं सुरू झाली तेव्हा मी स्टेजवर बहिणीजवळ उभा होतो. अंतरपाटाच्या अलीकडे तिची मान खाली होती. समोर सगळा हॉल माणसांनी भरलेला आणि प्रत्येक कडव्याला अक्षतांचा पाऊस पडत होता. मी तिथं उभा राहून एक गोष्ट पहिल्यांदाच पाहिली. बहुतेक अक्षता नवरानवरीपर्यंत पोचतच नाहीत. मागची माणसं जिथून टाकतात तिथून त्या स्टेजच्या दोन-चार हात अलीकडेच पडतात. म्हणजे नेमक्या आमच्या गोलसमोर. सगळ्यांत मागे, दाराशी, वाढपी ओळीनं उभे होते. त्यांनाही अक्षता वाटल्या होत्या. बाकीचे टाकत होते. आमचा गोलकीपर मूठ मिटून उभा होता. शेवटचं 'सावधान' झालं, वाजंत्री वाजली, तरी त्यानं मूठ उघडली नाही. हळूच ती सदऱ्याच्या खिशात रिकामी केली. मला हसू आलं. बहिणीच्या डोक्यावर अक्षता पडत असताना मी हसलो, ते व्हिडिओत अजून आहे.

पंगती उशिरा बसल्या. लग्नात सगळंच उशिरा होतं, त्याचं कुणाला वाईट वाटत नाही. चार वाजून गेले तेव्हा शेवटच्या पंगतीला ताक वाढत होते. दाराबाहेर समोरच्या टीमची पोरं बनियन घालून उभी होती, आमच्या मामांनी त्यांनाही आग्रहानं जिलबी खायला लावली. केबलवाला वायरींची वेटोळी खांद्यावर घेऊन पाहुण्यांना वाट देत होता. हॉल मोकळा झाल्यासारखा वाटताच गोलकीपरनं सदरा बदलला आणि केरसुणी घेऊन स्टेजसमोर आला.

वडिलांनी त्याला थांबवलं.

ते त्याच्यावर ओरडले नाहीत. पुढे जाऊन त्यांनी त्याच्या हातावर हात ठेवला. म्हणाले, "अहो, मुलगी अजून घरात आहे. पाठवणी व्हायचीय."

त्यानं केरसुणी खाली ठेवली. पाठवणीला आणखी वेळ गेला. फोटोवाल्यानं बहिणीला दोनदा परत बोलावून पुन्हा निरोप घ्यायला लावला. दुसऱ्या वेळीही आई खरंच रडली. फुलं लावलेली गाडी निघाली आणि वडील फाटकात उभे राहिले, गाडी दिसेनाशी झाल्यावरही. मी घड्याळ बघत होतो. मला माझी लाज वाटत होती, तरी मी घड्याळ बघत होतो.

मी हळूच विचारलं, आता झाडायला हरकत नाही ना.

वडील वळले. त्यांचे डोळे लाल होते. "लेक उंबऱ्याबाहेर पडली आणि मागून केरसुणी? ती तिच्या घरी पोचू दे. फोन येईल. मग झाडा."

मी व्यवस्थापकांकडे पाहिलं. वाटलं, ते तरी म्हणतील की वेळ नाही. ते म्हणाले, "बरोबर आहे त्यांचं. माझ्या कार्यालयातून गेलेली मुलगी आहे. फोन येऊ द्या."

हडपसर तेव्हाही लांबच होतं. स्वारगेट, पूलगेट, फातिमानगर, त्यात संध्याकाळ. तिथं गेल्यावर माप ओलांडणं, मग कुणाला तरी आठवलं तर फोन. मोबाइल नव्हते. वडील ऑफिसात जाऊन फोनशेजारच्या खुर्चीवर बसले. ऑफिसाच्या काचेतून हॉल दिसायचा.

त्या दिवशी मी वडिलांना ओलांडून केरसुणी उचलू शकलो असतो का, हा प्रश्न मी स्वतःला इतक्या वेळा विचारला आहे की त्याचं उत्तर गुळगुळीत झालं आहे. नसतोच उचलू शकलो. ते फाटकातून ज्या पाठीनं परत आले ती पाठ ज्यांनी पाहिली नाही, त्यांना सांगून उपयोग नाही. तरी प्रश्न जात नाही.

मी हॉलमध्ये परत आलो तेव्हा गोलकीपर गुडघ्यांवर बसून दाणे वेचत होता. एका हातानं वेचून दुसऱ्या हातातल्या वाटीत टाकत होता.

"झाडाले मना हाये, भाऊ," तो वर न बघता म्हणाला. "येचाले तं मना नाही ना?"

आम्ही सगळेच बसलो. आमची टीम, समोरच्या टीममधले दोघं, दोन वाढपी. मी अजून लग्नातल्या रेशमी कुडत्यात होतो. इतके दाणे होते की आम्ही एक फरशी साफ करायचो आणि शेजारच्या फरशीवरून सरकलेल्या कुणाच्या तरी गुडघ्याबरोबर पुन्हा दाणे यायचे. संस्थेचे साहेब आले. त्यांना वाटलं काहीतरी मौल्यवान हरवलंय. अंगठी का, म्हणून त्यांनी विचारलं. केबलवाला म्हणाला, आता मला चालू करायलाच पाहिजे. जाहिराती संपत आल्या.

नाणेफेक आम्ही हरलो. पूर्वार्धात आमच्याकडे स्टेजची बाजू आली.

सामन्याबद्दल फार सांगण्यासारखं नाही. आमचा गोलकीपर पुढे आला नाही. समोरचा खेळाडू चेंडू घेऊन सुटला आणि मी सवयीनं बाजूला झालो, कारण त्या क्षणी तो माझ्या शेजारून सरकत जायचा. तो आला नाही. तो गोलच्या दांड्यांमध्ये उभा होता, अर्धा वाकलेला, आणि फरशीकडे बघत होता. कुठं दाणे राहिलेत हे त्याच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं. दुसऱ्यांदा तो निघाला, एक पाऊल टाकलं आणि थांबला. त्या दोन्ही वेळी गोल झाले. बाल्कनीतून कुणीतरी ओरडलं, "जेवण जास्त झालं काय रे?" लोक हसले.

मध्यंतरात ऑफिसातला फोन वाजला. बहीण पोचली होती, सुखरूप, माप ओलांडून आत गेली होती. व्यवस्थापक स्वतः केरसुणी घेऊन धावत आले आणि त्यांनी स्टेजसमोरची फरशी लखलखीत केली. मग बाजू बदलल्या. त्या स्वच्छ फरशीवर समोरच्या टीमचा गोलकीपर उभा राहिला आणि आमचा दाराकडे गेला. तिकडे दाणे जवळजवळ नव्हतेच. तिकडे तो दोनदा सरकत पुढे आला, दोन्ही वेळा पहिल्यासारखाच. पण साहेब तोवर चहाला गेले होते.

सामना संपल्यावर साहेबांनी मला बोलावलं. माझं बोलणं त्यांना आवडलं, कॉमर्सची पदवी आहे हेही आवडलं. टीममध्ये घेऊच, पण प्रवेशाच्या टेबलवर पालकांशी बोलायला तुमच्यासारखी माणसं हवीत, म्हणाले. मी गोलकीपरचं विचारलं. जरा बिचकतो, नाही का, असं ते म्हणाले. मी त्यांना अक्षतांचं सांगितलं. सगळं सांगितलं, मुहूर्त, केरसुणी, फोन. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि मग मोकळेपणानं हसले. माणूस वाईट नव्हता. पण मी बोलत असताना माझ्याच कानांना ते सबबीसारखं लागत होतं, आणि जितकं जास्त खरं सांगावं तितकं ते जास्त खोटं वाटत होतं. मी आणखी दोनदा त्यांच्या ऑफिसात जाऊन बोललो. दुसऱ्यांदा त्यांनी विषय बदलून मला पाणी दिलं.

सामन्याच्या रात्री घरी जाताना वडील स्कूटरवर माझ्या मागे बसले होते. म्हात्रे पुलावर आल्यावर म्हणाले, "तो तुमचा गोलकीपर आज पुढे का नाही आला रे? एरवी टीव्हीवर तर येतो."

म्हणजे ते बघत होते. इतकी वर्षं, मी घरात नसताना. ज्या दिवशी त्यांनी मुलगी सासरी पाठवली त्या दिवशी मी त्यांना खरं कसं सांगणार होतो?

"दमला असेल," मी म्हणालो.

"हं. दिवसभर वाढत होता बिचारा."

वडील पुढे पुष्कळ वर्षं जगले. त्यांना मी ते कधीच सांगितलं नाही.

संस्थेची नोकरी घ्यावी की नाही, हे मी गोलकीपरला विचारायला गेलो होतो. तो भांड्यांच्या कोठीत पराती लावत होता. काय विचारतोय हे मला पूर्ण बोलताही आलं नाही. तो म्हणाला, "घ्या ना, भाऊ. तुमी नाही घेतली म्हनून मले थोडीच भेटन." त्यात टोमणा नव्हता, म्हणून मला कुठं धरायलाही काही मिळालं नाही.

त्या लग्नानंतर गुरुजींचं नाव कोथरूडभर झालं. पुढच्या वर्षी श्रावणात आमच्या हॉलमध्ये आणखी लग्नं लागली, मग आषाढातही. प्रत्येक सोसायटीतला एक तरी मुलगा अमेरिकेत होता आणि प्रत्येकाची रजा आपत्काळातच पडत होती. कार्यालयाच्या मालकांना फुटबॉलपेक्षा लग्न केव्हाही बरं. केबलवाल्यानं सामने आधी मधल्या वारांवर नेले, मग कमी केले, मग मोठी चॅनेलं आली आणि त्यालाच सामन्यांची गरज उरली नाही. गोलचे पाइप मांडवाच्या कामाला लागले. संस्थेची टीमही दोन वर्षांत बंद पडली, पण तोवर मी प्रवेशाच्या टेबलवर रुळलो होतो. तिथून एका आयटी कंपनीत गेलो आणि अजून तिथंच, मनुष्यबळ विभागात आहे. लोकांना निवडणं आणि न निवडणं हे माझं काम.

गोलकीपरचं काम गेलं नाही. उलट वाढलं. लग्नं बारा महिने सुरू झाली, तसा तो बारा महिने वाढायला लागला. बारमाही झाला तो असा.

मागच्या पावसाळ्यात ऑफिसातल्या एका मुलीच्या लग्नाला त्याच कार्यालयात गेलो. हॉलला आता एसी आहे, संस्थापकांची तसबीर काचेच्या पेटीत आहे. तो हेड वाढपी झालाय. जाकीट घालतो, मिशा पांढऱ्या. मला बघून आला, हात धरला, बहिणीची विचारपूस केली. तिची मुलगी कॉलेजात गेल्याचं ऐकून त्याला फार बरं वाटलं. मी त्याच्या गुडघ्यांकडे बघत होतो, ते त्याच्या लक्षात आलं. "मस्त हायेत," तो म्हणाला. "वापरतच कोन हाये आता?"

मग त्यानं मला भिंतीवरची पाटी दाखवली. व्यवस्थापकांनी निवृत्त होण्याआधी त्याच्या सांगण्यावरून लावली होती. अक्षता शक्यतो जवळ येऊन वाहाव्यात, लांबून फेकू नयेत, फरशी निसरडी होते, पडल्यास कार्यालय जबाबदार नाही.

"पह्यलेच लावाले पाह्यजे होती," तो म्हणाला.

मी काहीतरी म्हणणार होतो, पण मंगलाष्टकं सुरू झाली आणि तो वाढप्यांच्या ओळीत जाऊन उभा राहिला. एका मुलीनं माझ्या हातावर अक्षता ठेवल्या. पाटीखाली उभी असलेली माणसं लांबूनच फेकत होती, सगळा हॉल फेकत होता. मी वळून मागे पाहिलं. त्याची मूठ मिटलेली होती. माझीही. मंगलाष्टकं संपेपर्यंत मी ती तशीच धरून ठेवली, मग खिशात घातली. घरी आल्यावर बायकोनं विचारलं, खिशात हे तांदूळ कसले. मी म्हणालो, राहिले.